सुगंधी बेडूक

मामांच्या दुकानात दोन खुर्च्या आहेत. एकीवर गिऱ्हाईक बसतं, दुसरीवर मी. साहित्यात एम.ए. केलं, नोकरी मिळाली नाही, आणि घरात आईचं तोंड चुकवायला ही जागा बरी पडली. वर्तमानपत्र फुकट मिळतं. मामा मला मास्तर म्हणतात. "मास्तर, एवढं वाचता, तुमची नोकरी कुठल्या पानावर आहे ते काही सापडत नाही वाटतं?" हे रोज एकदा तरी होतंच.

मामा न्हावी. साठीला टेकलेले, पोट सुटलेलं, हात मात्र पिसासारखा हलका. त्यांचं नाव झालं ते लहान मुलांमुळे. कात्री दिसली की जी पोरं आकाशपाताळ एक करतात, आईच्या हाताला चावतात, ती मामांच्या खुर्चीत गप्प बसतात. लोक लांबून येतात.

"हाताला गुण आहे हो मामांच्या."

मामा आरशात बघून मिशीत हसायचे. "काही नाही हो. आधी पोराचा श्वास ऐकायचा, मग केसाला हात लावायचा."

खरा गुण पोराच्या हातात असायचा. खेळण्यातला एक हिरवा, गुबगुबीत बेडूक. दाबला की बोटांच्या फटींतून बाहेर येणारा, सोडला की पुन्हा बेडूक होणारा. मामांनी घाऊक बाजारातून खोकाभर आणले होते. खोक्यावर ना कंपनीचं नाव, ना पत्ता. पण बेडूक हातात आला की हाताला काम मिळायचं आणि डोकं शांत व्हायचं. मोठ्यांचंही. बँकेचे साहेब एकदा पैसे देऊन पायऱ्या उतरले आणि कोपऱ्यावरून परत आले. बेडूक त्यांच्या मुठीतच होता.

प्रत्येक बेडकावर मामा दाढीनंतरचा सेंट मारायचे. मला ते आवडायचं. मामांकडे टॉवेलही सुगंधी असतो, तसाच बेडूक, असं मला वाटायचं.

ठमी आली तेव्हा सहा वर्षांची होती. तिची आई कपडे शिवते. ठमीला कॉलरची पट्टी मानेला लागलेली खपत नाही, नळाचा जोरात आवाज खपत नाही, केसांना परक्याचा हात तर मुळीच नाही. सगळ्या न्हाव्यांनी हात टेकले होते. मामांनी तिच्या हातात बेडूक दिला आणि बाजूला जाऊन उगाच वस्तरा पुसत बसले. थोड्या वेळाने ठमीने स्वतःच मान खाली घातली.

केस कापून होईपर्यंत तिची आई माझ्या खुर्चीत बसून रडत होती.

"हात कसला आहे मामा तुमचा!"

मामांनी बेडूक ठमीलाच देऊन टाकला. गुण हाताचा नाही, हे काही सांगितलं नाही.

मग त्या दोघी नियमाने येऊ लागल्या. एकदा आई हसत म्हणाली, "गालाखाली घेऊन झोपते. मामांचा वास येतो म्हणे त्याला." मामांच्या हातातला कंगवा थांबला. मला वाटलं, गहिवरले.

त्यानंतरची एक सकाळ. आदल्या दिवशी एक बेडूक कंगव्यांवर पडून राहिला होता. मामांनी उचलला तर कंगवाही बरोबर आला. ओढून सोडवला. कंगव्याचे दात मऊ होऊन एकमेकांना चिकटले होते.

दाढीला रबराच्या कारखान्यातले निवृत्त फोरमन बसले होते. त्यांनी कंगवा उलटसुलट करून पाहिला.

"मऊ राहावा म्हणून आत तेलासारखं काहीतरी घालतात. ते झिरपतं. कडक प्लास्टिकलाही मऊ करतं."

"वाईट असतं का ते?" मी विचारलं.

"काही चालतात, काही लहान मुलांना अजिबात चालत नाहीत. हे कुठलं ते तपासल्याशिवाय देवही सांगणार नाही. पण ज्याच्यावर बनवणाऱ्याचं नाव नाही, ते तपासलंय कुणी?" त्यांनी बेडूक नाकाशी नेला. "सेंट मारलाय होय? आणि सेंटच्या खाली कसला वास येतो, मामा?"

मामांनी वस्तरा खाली ठेवला. फोरमन गेल्यावर मी म्हणालो, "तुम्हाला कसं माहीत असणार?"

"खोका उघडला तेव्हा डोळे झोंबले होते, मास्तर."

मी वर्तमानपत्र खाली ठेवलं.

"म्हणून तर सेंट मारला."

एवढी पुस्तकं वाचली, एक वाक्य कामाला आलं नाही.

दुपारी मामांनी दुकानाचं दार ओढून घेतलं. "चला माझ्याबरोबर. एकट्याचे पाय उचलत नाहीत."

ठमीच्या आईने मशीन थांबवलं, खुर्चीवरची कापडं उचलली, पाणी आणलं. मामा बसलेच नाहीत. कंगवा दाखवला. सगळं सांगितलं. शेवटी डोळ्यांचं झोंबणंही सांगितलं.

"ती चोखते त्याला," आई म्हणाली. "गोड वास येतो म्हणून."

मामांनी मान खाली घातली.

"काय होईल तिला?"

"माहीत नाही, ताई. डॉक्टरांना दाखवू. मी येतो बरोबर."

"वास आला होता ना तुम्हाला? मग गप्प का बसलात?"

"सगळे माझ्या हाताचं नाव घेत होते," मामा म्हणाले. "बरं वाटत होतं."

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. तिने फक्त दाराकडे बोट केलं. "घ्या तुम्हीच तिच्याकडून. मी नाही घेणार."

ठमी दारात उभी होती. मामांना बघून तिचा चेहरा उजळला. ती धावत गेली, स्टूल ओढत आणलं, त्यावर बसली, बेडूक दोन्ही मुठींत धरला आणि मान खाली घातली. केस कापायला मामा घरी आले, असं तिला वाटलं.

ती मान मला अजून दिसते.

मामा गुडघ्यांवर बसले. "ठमे, हा मला परत दे. खराब आहे हा."

"नाही. मामाचा वास येतो."

मामांनी एकेक बोट सोडवलं. ती ज्या आवाजात किंचाळली त्याने शेजारची दारं उघडली. आम्ही बाहेर पडलो तेव्हा लोक मामांकडे बघत होते. मामांनी त्यांना बघू दिलं.

डॉक्टरांनी तपासून सांगितलं, आज काही दिसत नाही. असल्या वस्तू पुन्हा तोंडात जाऊ देऊ नका. मामांनी इतर पोरांना दिलेले बेडूकही घरोघरी जाऊन मागून आणले. कुणी हसून म्हणालं, "मामा, आम्ही तर माती खाऊन मोठे झालो." शिव्या त्यांना सोसत होत्या. माफी सोसत नव्हती.

पोरं आता खुर्चीत रडतात. कुणी हाताच्या गुणाचं बोललं की मामा तोडून टाकतात, "हाताला काही गुण नाही. बेडूक होता. आणि तो वाईट होता."

परवा ठमी आणि तिची आई दुकानासमोरून चालल्या होत्या. ठमीचे केस डोळ्यांवर आलेले, एका कानावर तोकडे, दुसऱ्यावर लांब. ठमी पायरीशी थांबली. आईने तिला ओढलं नाही. आईही थांबली आणि आत बघत राहिली.

"बोलवा की," मी हळूच म्हणालो.

मामांनी कात्री पाठीमागे नेली.

"कुठल्या तोंडाने, मास्तर?"

आई आणखी थोडं थांबली. मग ठमीचा हात धरून ती पुढे निघाली. खुर्चीतलं गिऱ्हाईक अर्ध्या कापलेल्या केसांनी आरशात मामांची वाट बघत बसलं होतं.