मामाच्या पोलिश-जपानी करंज्या

शेजारच्या घरून आलेला डबा तुम्ही शेवटचा कधी खाल्लात? घेतलात कधी, असं विचारत नाही, खाल्लात कधी? माझ्या मामाइतका बेचैन माणूस अख्ख्या मराठवाड्यात दुसरा नसेल, आणि त्याच्या बेचैनीच्या मुळाशी हा एवढाच प्रश्न आहे.

मामा बिडकीनकडच्या एका कारखान्यात फिटर होता. तो निवृत्त झाला, पण त्याचे हात निवृत्त व्हायला तयार नाहीत. चहा तो उभ्यानं पितो, जेवताना पंख्याचा आवाज ऐकून पाना शोधायला उठतो, आणि लग्नाला गेला तर अक्षता पडेपर्यंत मंडपाचे नट आवळत फिरतो. दर रविवारी सकाळी ही सगळी तगमग करंज्यांत उतरते. पारी दीड मिलिमीटरचीच हवी, म्हणून तो ती व्हर्नियर कॅलिपरनं मोजतो. जाड निघाली की "रिजेक्ट!" म्हणून मामीपुढे टाकतो. मामी त्या रिजेक्ट मालाच्या चकोल्या करते आणि म्हणते, "ह्या माणसाला घडीभर चैन नाय, आन् मला सुट्टी नाय."

हे खूळ कारखान्यातलं. तिथं मशीन बसवायला दोन पाहुणे आले होते, एक पोलंडचा, एक जपानचा. मामा कँटीनमध्ये ज्या टेबलाशी बसे, तिथल्यांचं जेवण अचानक आटोपायचं. बोलायचं कुणी काही नाही. आम्ही जयभीमवाले, हे सगळ्यांना ठाऊक होतं, एवढंच. या दोघांना ते ठाऊक नव्हतं. रिकाम्या खुर्च्या दिसल्या, ते बसले, मामाच्या डब्यातली भाकरी तोडली आणि वर दुसरी मागितली. त्याची परतफेड म्हणून पोलंडवाल्यानं एका सुट्टीला बटाटा आणि पनीर भरून पिएरोगी, म्हणजे त्यांच्याकडच्या करंज्या, उकडल्या. जपानवाल्यानं खिमा, कोबी, आलं, लसूण भरून त्यांच्याकडचे ग्योझा केले, खालून खरपूस, वरून वाफवलेले. मग कुणाचं चांगलं यावरून दोघं हमरीतुमरीवर आले. मामानं निकाल दिला, "भांडू नका. फिटिंग मी करतो." तेव्हापासून सारणात बटाटा, पनीर आणि तळलेला कांदा पोलंडचा; कोबी, आलं, लसूण, सोया सॉस जपानचा; आणि कडेच्या कळ्या मामीच्या. सोबत आंबट चक्का. खिमा मामानं मुद्दाम वगळला. "कुणाला सबब नको," म्हणाला.

पाहुणे गेले आणि मामाच्या टेबलाच्या खुर्च्या पुन्हा रिकाम्या झाल्या. आता तो गल्लीभर डबे पोचवतो. सगळे खातात, खात नाहीत ते एकटे वेल्डरकाका. ते त्याच कारखान्यातले, त्याच कँटीनमधले. त्यांच्याकडून डबा लख्ख घासून यायचा, रिकामा देऊ नये म्हणून आत चिमूटभर साखर, आणि सोबत एक कारण. आतला माल कुठं जायचा, हे त्यांच्या दारातल्या कुत्र्याला विचारा. मामाची स्कूटर वळली की ते शेपटासकट सगळं अंग हलवतं.

वेल्डरकाका म्हणाले, "मैदा पचत नाय." मामानं गव्हाचं पीठ घेतलं. म्हणाले, "चातुर्मासात कांदा-लसूण चालत नाय." पोलंडचा कांदा गेला, जपानचा लसूण गेला. म्हणाले, "उपास हाय." मामा औरंगपुऱ्यातून राजगिऱ्याचं पीठ घेऊन आला, आणि फाटणाऱ्या पाऱ्यांशी दुपारपर्यंत झुंजला.

मी चळवळीची पत्रकं वाटत वाढलेली मुलगी. माझं डोकं फिरलं. "मामा, मी पत्रक काढते. त्यांचं नाव घालून!"

"काढ ना. मागची बाजू कोरी ठेव फक्त. करंज्या मांडायला लागते."

"अरे, त्यांचं दुखणं मैदा नाही! तुला कळत नाही का?"

तो कॅलिपर पुसत राहिला. "मला कळत नाय व्हय? कँटीनात त्या टेबलाशी बसायचो मी, तू नाय. पण तक्रार आली की मशीन तपासायची. गिऱ्हाइकाशी भांडला तो फिटर कसला? काहून बसली नुसती? कळ्या घाल."

मी कळ्या घातल्या, रागानं. त्याही रिजेक्ट झाल्या.

मागच्या रविवारी वेल्डरकाका स्वतः डबा घेऊन फाटकाशी आले. सबबी संपल्या असाव्यात, नाहीतर वासानं घात केला असावा.

"काय फिटर, मीठ कमी होतं."

"कशात?" मामानं विचारलं.

"सारणात, अजून कशात? आन् खालून लई करपवता राव तुम्ही." डबा फाटकावर ठेवून ते निघूनही गेले.

मामानं झाकण उघडलं. साखर नव्हती. डबा घासलेला नव्हता. कोपऱ्यात सोया सॉसचा डाग होता आणि बोटानं निपटलेला चक्का. मामी धावत आली, "अहो, काय झालं?"

"मीठ कमी पडलं," मामा म्हणाला आणि पायरीवर बसला. नुसता बसला. आत पंखा खडखडत होता, तरी उठला नाही. आम्ही घाबरलोच. मग म्हणाला, "त्या दोघा पाहुण्यांना सांगायला पायजे होतं गं." त्यांचा पत्ता त्यानं कधी घेतलाच नव्हता.

मी ते पत्रक काढलं नाही. त्याऐवजी हे लिहिलं, आणि तुमच्याकडे एकच मागणं आहे. येत्या रविवारी तुमच्या दारात असा डबा आला, तर साखरेची चिमूट शोधू नका. झाकण तिथंच उघडा, आणणाऱ्यासमोर एक घास खा. आणि मीठ कमी असेल, तर तोंडावर सांगा.