तोंड बांधून टाकलेली गुगली

गल्लीतल्या क्रिकेटमध्ये कीपर कोणी व्हायचं हे कधी गुणवत्तेवर ठरत नाही. जो सगळ्यांत लहान, तो कीपर. कारण मागं गेलेला बॉल आणायला कुणीतरी लागतं. माझा भाऊ माझ्यापेक्षा तीन वर्षांनी लहान. सिडकोतल्या आमच्या घरासमोर मोकळा प्लॉट होता आणि प्लॉटच्या टोकाला उघडी नाली. नालीत गेलेला बॉल काढायचा कोणी, हा प्रश्न त्याच्या जन्मानं कायमचा सुटला होता. पुढं तो राज्याच्या संघात खेळला, मग हा देश सोडून दुसऱ्या देशात खेळायला गेला. तेव्हा पेपरात त्याचा फोटो आला आणि खाली छापलं होतं, ‘लहानपणापासून यष्टिरक्षणाची आवड’. आवड कसली, नालीचा धाक होता.

बोलिंग मी टाकायचे. मोठी म्हणून बॅटवर पहिला हक्क माझाच, पण मला बॉल वळवण्यात जास्त मजा यायची. टीव्हीवर बघून बघून मी लेगस्पिन उचललं. टप्पा पडला की बॉल बॅट्समनपासून लांब पळतो, ते लेगस्पिन. एक दिवस मनगट जरा जास्त फिरलं आणि तोच बॉल उलटा, आत आला. त्याला गुगली म्हणतात हे मला नंतर कळलं. दोन्ही दिसायला जुळ्या भावांसारखे. बॅट्समन फसतो ते ठीक, त्यासाठीच तर टाकायचा. पण कीपरही फसला तर बॉल सरळ मागं जातो, समोरच्यांना फुकटात धावा मिळतात आणि सगळं मैदान कीपरकडं बघतं. त्या धावांना बाय म्हणतात. आमच्याकडं बाय म्हणजे नाली.

माझा भाऊ फसायचा नाही. कॉलनीतली मोठी मोठी पोरं माझ्या गुगलीवर बॅट हवेत फिरवून पडायची आणि हे आठ वर्षांचं पोर आधीच योग्य बाजूला सरकून बॉल अलगद धरायचं. मला त्याचा अभिमान होता आणि थोडा रागही होता, कारण मला एकदा तरी त्याला नालीत उतरलेलं बघायचं होतं.

आई फुलंब्रीची. तो जिल्ह्याच्या संघात आल्यावर ती पहिल्यांदा त्याचा सामना बघायला आली. अर्धा तास गप्प बसली आणि मग वडिलांना म्हणाली, “समदी पोरं उभी हायती, माझं एकटंच कामून उकिडवं बसलंय? कापूस येचायला आणलंय का त्याला?”

वडिलांनी समजावलं की ती फार मानाची जागा असते.

“मानाची असती तर खुर्ची दिली असती,” आई म्हणाली.

मैदानावर पोरांना क्रिकेट शिकवणारे एक सर होते. ते त्याला सायकलवर मागं बसवून कुठल्या कुठल्या सामन्यांना न्यायचे. फिरकीवर याचे हात बघा, असं ते येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवून सांगायचे. त्या हातांवर तो राज्याच्या संघापर्यंत गेला. चार मोसम. त्यातले तीन दुसरा कीपर म्हणून. दुसरा कीपर म्हणजे पाणी नेणारा आणि पहिल्या कीपरच्या बोटांकडं आशेनं बघणारा माणूस. पहिल्याची बोटं लई मजबूत निघाली. घरी आला की भाऊ देवाला नमस्कार करायचा आणि आई विचारायची, काय मागितलंस रे? तो सांगायचा नाही. मला माहीत होतं, एका सज्जन माणसाचं बोट मोडावं म्हणून तो देवाला साकडं घालत होता.

मग हॉलंडच्या एका क्लबानं त्याला एका उन्हाळ्यापुरतं बोलावलं. तो गेला आणि राहिला. पहिल्या व्हिडिओ कॉलवर त्यानं मैदान दाखवलं. चारी बाजूंना नुसती हिरवळ, आणि मधोमध खेळपट्टीवर मॅटिंग अंथरलेलं. आमच्याकडं जिल्ह्याच्या सामन्यांना अंथरतात तसंच. इतकं विमान उडवून बिचारा परत चटईवरच. शनिवार-रविवारी खेळायचं, संध्याकाळी तिथल्या पोरांना शिकवायचं आणि उरलेला आठवडा फुलांच्या गोदामात कंद निवडायचे, अशी त्याची कारकीर्द सुरू झाली. आईला गोदामाचं कळल्यावर ती म्हणाली, “मग हितं कापूस काय वाईट होता?”

पण तिथं एक सोय होती. काही वर्षं राहिलं की त्यांच्या देशाकडून खेळता यायचं. त्यानं ती वर्षं एक एक करत मोजली. ती भरली तेव्हा तो पस्तिशीत होता आणि गुडघ्यांतून आवाज यायला लागले होते. मे महिन्यात निवडीचा सामना ठरला. याच वर्षी घेतलं तर घेतलं, पुढच्या वर्षी कोणी विचारणार नाही, हे त्याला आणि आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

मार्चमध्ये तो अचानक तीन आठवड्यांसाठी घरी आला. आईला वाटलं आठवण आली. मला त्यानं दुसऱ्या दिवशी खरं सांगितलं. तिथल्या संघात मनगटानं बॉल वळवणारा एक पोरगा आला होता, माझ्यासारखाच लेगस्पिन आणि गुगली टाकणारा. निवडीच्या सामन्यात त्याच्यावरच कीपिंग करायची होती. आणि सरावात त्याच्या गुगल्या याच्या हातातून पाण्यासारख्या निघून जात होत्या.

“राज्याच्या संघात कसं जमायचं रे मग?” मी विचारलं.

“तिथं असला बोलर नव्हताच कुणी. आणि मी तरी कुठं मैदानात होतो?” तो म्हणाला. “ताई, तू टाक ना. तुझ्यावर हात बसला की सगळं जागेवर येईल.”

मी करमाडच्या शाळेत शिकवते. चाळिशी तोंडावर आलेली, खांदा फळ्यावर लिहून लिहून कामातून गेलेला. तरी हो म्हणाले. आमच्या लहानपणच्या प्लॉटवर आता तीन मजली घर आहे. माझ्या घरामागं बागेसाठी सोडलेली आणि अजून बाग न झालेली जागा होती, ती घेतली. बॅट्समन म्हणून पाण्याचा निळा ड्रम उभा केला. नळाला आठवड्यातून एकदा पाणी यायचं, त्या दिवशी बॅट्समन भरायला घरी न्यावा लागायचा, म्हणून सराव बंद. बाकी दिवशी संध्याकाळी मी टाकायचे. पहिले चार दिवस त्यानं एक बॉल सोडला नाही. लेगस्पिन असो की गुगली, तो आपला आधीच तिथं हजर. म्हणाला, “आलं बघ परत, जातच नसतं हे.” आईनं आनंदानं पुरणपोळ्या केल्या.

पाचव्या दिवशी मला संध्याकाळी लग्नाला जायचं होतं. सकाळची शाळा सुटल्यावर जालना रोडनं स्कूटीवर येईपर्यंत एक वाजला. आमच्याकडच्या बायका उन्हात कशा निघतात ते सांगायला नको: डोक्यापासून गळ्यापर्यंत गुंडाळलेला स्कार्फ, वर गॉगल, कोपरापर्यंत हातमोजे. सख्खा नवरा सिग्नलला शेजारी उभा असला तरी ओळखत नाही. भाऊ ग्लोव्हज घालून ड्रमामागं बसलेलाच होता. म्हणाला, सहाच बॉल टाक, मग जेव. मी हातमोजे काढले, स्कार्फ तसाच ठेवला. त्या उन्हात तोंड सोडवणार कोण?

पहिली गुगली त्याच्या डाव्या अंगानं निघून गेली. तो उजवीकडं सरकला होता. दुसरी तशीच. तिसरीला तो मुद्दाम डावीकडं गेला, तर ती नेमकी लेगस्पिन निघाली. वरच्या गॅलरीतून शेजारचे काका ओरडले, “ताई, तोंड बांधून काय बोलिंग करायल्या? बँक लुटायचीय का?” मी हसले. भाऊ हसला नाही. सहाचे बारा झाले, गुगली म्हणून एक हातात येईना. लहानपणापासूनची माझी इच्छा पुरी झाली होती, तो धावत धावत बॉल आणत होता, आणि मला जरासुद्धा मजा येत नव्हती.

तो माझ्यासमोर येऊन उभा राहिला. “स्कार्फ काढ गं.”

“कामून?”

“काढ तर.”

काढला. सहा टाकले. सहाही त्यानं धरले. मग तो ड्रमाला टेकून मातीत बसला आणि बराच वेळ ग्लोव्हजच्या पट्ट्या ओढत राहिला.

“गुगली टाकताना तुझी जीभ बाहेर येती,” तो म्हणाला. “डाव्या कोपऱ्यातून. जराशीच. ल्हानपणापासून.”

म्हणजे इतकी वर्षं मी जगाला जीभ दाखवत बोलिंग टाकत होते आणि मला कुणी सांगितलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी जेवताना नवऱ्याला विचारलं, तर तो भाकरी मोडत शांतपणे म्हणाला, “कणीक मळतानापण येते.” पण त्या दुपारी मला जिभेपेक्षा दुसऱ्याच गोष्टीचा धक्का बसला होता. फिरकीवर याचे हात बघा, असं सर ज्याच्याबद्दल सांगायचे, त्या माणसाला फिरकी कळतच नव्हती.

“मला गुगली येत नाय ताई,” तो म्हणाला. “मला फक्त तू येतीस.”

त्याचा चेहरा बघून मला भडभडून आलं. पण रडायला वेळ नव्हता, दोन आठवडे उरले होते. दुसऱ्या दिवसापासून मी रोज तोंड बांधून बोलिंग टाकली. तोंडाकडं बघायचं नाही, मनगट बघायचं, हे मी त्याला पाढे घोकून घ्यावेत तसं घोकून घेतलं. हाताची पाठ तुझ्याकडं दिसली की गुगली. पुन्हा. पाठ दिसली का? मग उजवीकडं कशाला गेलास? शाळेतल्या मुलींवर मी इतकी कधी ओरडले नाही. खांद्याला बाम, त्याच्या गुडघ्याला बाम, सगळ्या घराला बामाचा वास. आठ दिवसांनी त्याला दहातल्या चार कळायला लागल्या. जायच्या आदल्या दिवशी, मी स्कार्फ आणि गॉगल घालून, शेवटच्या षटकात सगळ्या प्रकारचे बॉल टाकले आणि त्यानं एकही सोडला नाही. काकांनी गॅलरीतून टाळ्या वाजवल्या. मी त्याला मिठी मारली तेव्हा तो म्हणाला, “आता तोंड सोड, कोण मिठी मारायलंय ते तरी कळू दे.”

मे महिन्यात, सामन्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्याचा फोन आला. मी गच्चीवर कुरडया वाळत घालत होते.

“बाय एकपण गेला नाय,” तो म्हणाला.

“अरे वा!”

“घेतलं नाय.”

तेवीस वर्षांचा एक कीपर घेतला होता. बॅटिंग चांगली करतो, गुडघे वाजत नाहीत. समितीनं याच्या कीपिंगचं कौतुक केलं, हात हातात घेतला आणि त्याच्या सेवेबद्दल आभार मानले. तो हे सगळं आवाज हलू न देता सांगत होता. मी कुरडईची तुटकी टोकं जुळवत बसले.

“ताई, आता खेळ संपला म्हणून सांगतो,” तो म्हणाला. “मी नववीत होतो ना, तेव्हा सरांनी विचारलं होतं. त्यांना मुलींची टीम काढायची होती त्या वर्षी. म्हणाले, तुझी मोठी बहीण खेळते का रे? मी म्हणालो नाय, ती अभ्यास करती. मग म्हणाले, तुझे फिरकीवर एवढे हात बसलेत, घरी बॉल कोण टाकतं तुला?”

“मग?”

“मी म्हणालो, भिंत. भिंतीवर मारतो अन् धरतो.”

मुलींची ती टीम मला आठवत होती. बारावीत असताना मी कॉलेजला जाता-येता सायकल हळू करून त्यांचा सराव बघायचे. आपल्याला कुणी बोलावत नाही, म्हणजे आपण तेवढ्या चांगल्या नसू, असं मी स्वतःला समजावलं होतं आणि ते मला इतकं पटलं होतं की नंतर कधी दुखलंही नाही.

“कामून रे?” मी विचारलं.

“तू तिकडं गेली असतीस, तर संध्याकाळी मला कोण टाकणार होतं?”

मला राग आला. खरा, पोटातून आला. वीस-बावीस वर्षं उशिरा आला म्हणून तो काही कमी नव्हता.

“मग मार्चमध्ये भिंतीकडंच जायचं होतंस,” मी म्हणाले. “विमानाचं तिकीट कशाला काढलंस?”

तो हसला नाही. मीही हसले नाही. पलीकडं तो नाक ओढत होता, ते मी ऐकत राहिले. माझा एवढा मोठा भाऊ रडत होता आणि मला त्याची दयाही येत होती, आणि राग तसूभर कमी होत नव्हता. दोन्ही एकदम.

मग त्यानं विचारलं, “ताई, अजून सराव करतीस का गं? की मी आल्यावरच?”

“रोज टाकते,” मी म्हणाले. “ड्रमाला. तू नसलास तरी वळतो माझा बॉल.”