पहिला शब्द

रंजनाचा हात थंडगार असायचा. एंट्रीच्या आधी विंगेत येऊन ती माझं मनगट इतकं घट्ट धरायची, की तिच्या बांगड्यांचे वळ उठायचे. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या आमच्या नाटकांत तालमी नावापुरत्याच. नटमंडळी प्रॉम्प्टरच्या भरवशावर उभी राहतात. अर्जुनी मोरगावच्या मंडळाचा तो प्रॉम्प्टर मी. घसा खाकरायचा आणि वाक्याचा पहिला शब्द सोडायचा, एवढंच माझं काम.

"भाऊ, पयला शब्द देजा जी. मंग मी वाघालेबी भेत नाई," ती म्हणायची. आईबरोबर मोहफुलं वेचायला जंगलात हिंडलेली पोर, वाघाला ती खरंच भीत नसे. तिला भीती होती ती शब्द न येण्याची.

एकदा चोरखमाऱ्याच्या तलावावर परदेशी दिग्दर्शकाचं शूटिंग आलं. रंजनाला दोन वाक्यांची भूमिका मिळाली. कॅमेरा सुरू झाला आणि ही सवयीप्रमाणे विंगेतल्या खाकरण्याची वाट बघत उभी! विंग कुठली आणि मी कुठला? तोंडावर भीती दाटत गेली. दिग्दर्शकाला नेमकं तेच आवडलं. त्याने तिला पोलंडला नेलं, तिथून दुसऱ्याने मोरोक्कोला. सगळीकडे भूमिका मोठी, वाक्यं कमी.

"रंजना नुसती उभी राह्यते अन् हिरोईन म्हनवते," गावात थट्टा व्हायची. मीही हसायचो. ती मात्र फोनवर रडवेली असायची. "भाऊ, त्यायले वाटते मी अॅक्टिंग करून राह्यली. मी त खरंच भेऊन राह्यली."

मग पोलंडचाच एक सिनेमा आला. त्यात कोर्टातलं लांबलचक भाषण होतं, तेही पोलिशमध्ये. ती गोठते हे निर्मात्याच्या कानावर गेलं होतं. या वेळी गोठली तर भूमिका दुसरीला, असं त्याने स्पष्ट बजावलं. एकदा काढलेल्या नटीला तिकडे पुन्हा कोण बोलावणार?

"पाठ आहे ना? मंग काऊन भेतेस?" मी विचारलं.

"पाठ त आहे जी. पन सुरू कोन करन?"

शेवटी ठरलं, की केसांआड तिच्या कानात इअरफोन राहील आणि पहिला शब्द मी फोनवरून देईन. शब्द होता 'न्ये', म्हणजे 'नाही'. म्हशी हाकतानाही मी तो घोकत होतो. बायकोला वाटलं, म्हातारा बिघडला.

त्या दिवशी मी गावतलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर जाऊन बसलो, कारण रेंज तिथेच येते. माझेच हात गार पडले होते. फोनमधून पावलं वाजली, कुणी तरी काही ओरडलं, मग सगळं शांत झालं. मी घसा खाकरला, आणि फोन कटला.

पुन्हा लावला, पुन्हा लावला. पलीकडची बाई हिंदीत एकच वाक्य ऐकवत होती. पोरगी तिथे परक्या माणसांत उभी असेल, माझी वाट बघत, या विचाराने मला पाळीवरून उठवेना.

संध्याकाळी तिचा फोन आला.

"तुमचं खाकरनं आयकू आलं, भाऊ. मंग आवाजच नाई," ती म्हणाली. "जीव गेला माहा. पन खाकरल्यावर थांबाची सवय कुठं हाये मले? गेली बोलत, पार शेवटपावतर."

मागच्या खेपेला ती गावी येऊन परत निघाली तेव्हा मी अर्जुनीच्या स्टेशनवर सोडायला गेलो होतो. गाडी दिसताच तिने माझं मनगट धरलं. हात तसाच थंडगार.

"भेव अजून गेलं नाई?"

"नाई जात जी. संगंच घेऊन जाते मी त्याले."

ती डब्याच्या दारात उभी राहिली. माझं वय झालंय. पुन्हा भेट होईल की नाही, या भीतीने माझी जीभ टाळूला चिकटली. जन्मभर दुसऱ्यांना शब्द दिले, पण माझा मला सापडेना. गाडी हलली. रंजनाने थेट माझ्यासारखा घसा खाकरला आणि हळूच म्हणाली,

"ये..."

"ये पोरी," मी म्हणालो, "लवकर ये."