छूटमधली जागा

हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. आईला सांगायचं मनात होतं, पण ती गेली. तुम्हाला सांगतो — तुम्ही मला ओळखत नाही, त्यामुळे जरा सोपं जातंय.

आधी एक बोलू? मला माझ्या नोकरीचा अभिमान आहे. शहाद्याकडच्या खेड्यातला, सातवीत शाळा सुटलेला मुलगा मी. सिल्वासात येऊन सरकारी पंप ऑपरेटर झालो. इथल्या आमली भागात सकाळी नळाला पाणी येतं ते माझ्या हातून सुटलेलं असतं. या गावाने मला घर दिलं, मान दिला — उपकार विसरणारा मी नाही. आता पुन्हा भरतीबंदीची बातमी आलीय, तर ऑफिसच्या फाटकासमोरच्या टपरीवर रोजंदारीची पोरं मलाच विचारतात, "दादा, आपलं काय होणार?"

मी समजावून सांगतो. बंदी म्हणजे नवी जागा निघत नाही. कोणी निवृत्त झाला तर त्याची खुर्ची रिकामीच राहते. कारकून, शिपाई, माळी — सगळं बंद. पण दवाखान्यातली नर्स, आगीच्या बंबावरचा माणूस, विजेचा, पाण्याचा — ही पदं छूटमध्ये. फायली थांबल्या तर चालतं, नळ थांबून कसं चालेल? आणि मुख्य गोष्ट — छूट पदाला असते, माणसाला नसते. हे मी बोट वर करून सांगतो. पोरं माना डोलावतात.

ते मला कसं कळलं, हे मात्र सांगत नाही.

ऐंशी सालानंतरची गोष्ट. मी तेव्हा याच सरकारी बांधकाम विभागात रोजंदारीवर होतो, पण बागेत. साहेबांच्या बंगल्यापुढचं गवत कापायचो. पंपावर होते लखमाभाऊ — खानवेलकडचे, वारली. तेही रोजंदारीवरच, पण तो पंप म्हणजे लखमाभाऊंचा, हे सगळ्यांना ठाऊक. घरच्या आठवणीने माझा चेहरा पडला की ते आपल्या फडक्यातली नागलीची भाकर मोडून अर्धी माझ्यापुढे करायचे. बागेचं काम उरकलं की मी त्यांच्यापाशी जाऊन बसायचो. त्यांनीच मला पंप शिकवला. "डोल्यांनी काय बघतो?" म्हणायचे. "कान लाव. पंपातला पानी तुटला का मोटर रडते."

आवणीच्या दिवसांत आमच्याकडे एक रीत होती. आसपासच्या पाड्यांवरचे रोजंदारीवाले भात लावायला घरी जात आणि आपल्या जागी बदली माणूस उभा करून जात. ओव्हरसियरला माहीत असे, तो डोळेझाक करी. लावणी संपली की जो तो आपल्या जागेवर. त्या वर्षी लखमाभाऊंनी मला उभं केलं. जाताना म्हणाले, "काय झाला त खानवेलच्या गाडीला निरोप दे. कंडक्टर माझ्याच पाड्यावरचा हाय. लगेच येन."

आणि त्याच दिवसांत बंदीचा हुकूम आला.

आमचे हेडक्लार्क रत्नागिरीकडचे, तोंडाने फटकळ. छत्री झटकत पंपावर आले. "अरे खानदेशी, लखमा कुठाय? सोमवारी मोठे साहेब येतायत. रोजंदारीवाले सगळे कमी करायचेत. पंप तेवढा छूटमध्ये आहे — त्यावर काम करताना जो दिसेल, त्याचंच नाव कायम करायला जाणार. बोलाव त्याला. नाहीतर बसेल चिखलात पाय घालून!"

मी म्हणालो, बोलावतो.

खानवेलची बस आमच्या फाटकासमोरच थांबायची. मी फाटकापर्यंत गेलो — खरंच गेलो. कंडक्टर दारात तंबाखू मळत उभा होता. माझ्याकडे बघून हसलासुद्धा. एक वाक्य, बस. काय अडलं होतं माझं? गवत. बाग छूटमध्ये नाही — गवत वाढलं म्हणून कोणाचं काय बिघडतं? शहाद्याच्या एसटीत पिशवी मांडीवर घेऊन परत निघालेला मी मला दिसत होतो... पण हे कशाला सांगतोय? भीती होती म्हणून काय झालं? भीती लखमाभाऊंना नव्हती? त्यांची तर घरी पोरंबाळं होती. कंडक्टरने घंटी मारली. बस गेली. दुसऱ्या दिवशी ती आली तेव्हा मी फाटकाकडे फिरकलोच नाही. मोटरला कान लावून बसलो.

सोमवारी साहेब आले. पंपावर मी. हेडक्लार्कांनी नजरेनेच विचारलं — लखमा? मी मान हलवली. नाही आला. साहेबांनी पंप चालू करायला सांगितला, मी केला, आणि मोटर अशी गोड लागली की साहेब म्हणाले, "लडका होशियार है." लाज वाटली असेल असं तुम्हाला वाटतं? छाती फुगली होती माझी.

लखमाभाऊ परत आले तेव्हा पोटऱ्यांवर अजून चिखल वाळलेला होता. मी म्हणालो, "भाऊ, मी निरोप दिला होता. कंडक्टरजवळ." पहिल्या वेळी मी गप्प बसलो होतो, हे मात्र तोंड उघडून केलं. त्यांनी मोटरवरून एकदा हात फिरवला. मग म्हणाले, "तुला भेटली ना? बरा झाला. तू परका मानूस, कुठं जाशील?"

ते गलोंड्याच्या एका कारखान्यात ठेकेदाराकडे सुताच्या गाठी उचलायला लागले. आणि त्या कंडक्टरशी — पाड्यावरच्या, लहानपणापासूनच्या माणसाशी — पुन्हा बोलले नाहीत. तो शपथा घेत राहिला. कोण विश्वास ठेवणार? निरोप दिला म्हणणारा मी होतो ना, लखमाभाऊंचा लाडका.

मी पंप चांगला चालवला. आमलीचं पाणी माझ्या चुकीने कधी चुकलं नाही. हा अभिमान खरा आहे, आणि तो कोणाच्या जागेवर उभा राहून कमावलाय तेही खरं आहे. दोन्ही एकाच छातीत राहतात.

परवा टपरीवर मी पोरांना छूट समजावत होतो. लखमाभाऊ बाकावर येऊन टेकले. आता पाठ वाकलीय. मी बोट वर केलं, तेव्हा ते पोरांना म्हणाले, "बराबर आयका. माझा चेला हाय हा. मीच शिकवला त्याला." चेहऱ्यावर केवढं कौतुक! मग बशीतला चहा फुंकत हळूच म्हणाले, "तो कंडक्टर इसरला नसता त..."

मी म्हणालो, "हो ना, भाऊ."

आणि त्यांच्या बशीत आणखी थोडा चहा ओतला.