पहिला गव्हला

मी युरोपला चालले आहे हे कळल्यावर आमच्या नातेवाइकांनी मला काशीची माहिती पुरवायला सुरुवात केली. एका चुलत नणंदेने तर तिथल्या धर्मशाळेतली कोणती खोली हवेशीर आहे तेही सांगितलं. नवरा गेलेल्या बाईने फिरायचं ते देवाच्या दारात, असा त्या सगळ्याचा अर्थ. काशी कुठे पळून जात नाही, असं मी तिला सांगितलं आणि पासपोर्टच्या फोटोसाठी डोंबिवली स्टेशनजवळच्या स्टुडिओत जाऊन बसले. फोटोग्राफर म्हणाला, "मॅडम, थोडं हसा." मी हसले नाही. त्या फोटोत मी कुणाशी तरी भांडायला निघाल्यासारखी दिसते. ते अगदीच खोटं नव्हतं.

नव्वदीच्या मध्यातली ही गोष्ट. ऑफिसातल्या मैत्रिणींनी टूर ठरवली होती. माझ्या एकुलत्या एका मुलीचं लग्न तुळशीच्या लग्नानंतर व्हायचं होतं. तीच मागे लागली होती, "आई, तू जाऊन ये गं. नंतर लग्नाच्या गडबडीत अडकशील." मी मान डोलावली. पण त्या गडबडीत मला नेमकं काय करू देणार होते, हा प्रश्न मनात होताच.

आमच्याकडे लग्नघरात आधी गव्हले होतात. रवा दुधात घट्ट भिजवायचा, तुपाचा हात लावून मऊ होईस्तोवर मळायचा, त्याचा बारीक धागा ओढायचा आणि चिमटीत वळून गव्हाच्या दाण्याएवढे तुकडे सुपात पाडायचे. पुढे लग्नात त्यांची खीर होते. मुहूर्ताचे गव्हले मात्र सवाष्णींनीच वळायचे. मी साताऱ्याकडची. आईच्या मांडीला मांडी लावून शिकलेली. लग्न होऊन ठाण्याला आले, पुढे आम्ही डोंबिवलीला वेगळं बिऱ्हाड केलं, आणि सासरच्या गोतावळ्यात कुठेही लग्न निघालं की टेंभी नाक्यावरून थोरल्या जाऊबाईंचा निरोप यायचा, तू आधी ये, तुझ्यासारखा बारीक गव्हला कुणाला जमत नाही. मला याचा गर्व होता आणि तो मी लपवत नसे.

मुलगी शाळेत असताना तिचे वडील गेले. पुढे जाऊबाईंच्या मुलीचं लग्न निघालं. मी नेहमीसारखी गेले, हात धुतले आणि पाटावर बसले. जाऊबाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. म्हणाल्या, "अगं, तू कशाला त्रास घेतेस? आत जरा नारळ खवायला घे." आवाज इतका मऊ होता की उलट बोलायला जागाच राहिली नाही. मी आत गेले आणि नारळ खवले. कुणी माझा अपमान केला असता तर भांडता आलं असतं. मला अजून त्या नारळांचा राग येतो.

म्हणजे माझ्या मुलीच्या लग्नातही माझ्या वाट्याला नारळच येणार, हे मला ठाऊक होतं. कन्यादानाला भावोजी आणि जाऊबाई बसणार, हे मला न विचारताच ठरलं होतं.

इटलीत एक दुपार मोकळी मिळाली. ज्यांना पर्स आणि बूट घ्यायचे होते ते बाजारात गेले. मी पास्ता शिकवणाऱ्या बाईंकडे गेले, कारण देवळं, पुतळे आणि कारंजी बघून माझे डोळे शिणले होते आणि हातांना कित्येक दिवसांत काही काम नव्हतं. माझ्याबरोबर नाशिकची एक नवी नवरी आली, हातात चुडा, अंगावर नवी कोरी जीन्स. बोलणं समजावून सांगायला टूरची मुलगी होती. तिला थोडंफार इटालियन यायचं.

शिकवणाऱ्या बाई सत्तरीच्या पुढच्या. गावाबाहेरचं जुनं घर, स्वयंपाकघरात माणूस आडवा झोपेल एवढं लाकडी टेबल. बाई नखशिखान्त काळ्या कपड्यांत. नवरा गेल्यापासून त्या काळंच घालतात, असं टूरच्या मुलीने मला हळूच सांगितलं. म्हणजे घरोघरी मातीच्या चुली. फक्त यांच्या कोपरापर्यंत पीठ लागलेलं होतं आणि टेबलाची मुख्य जागा त्यांची होती.

त्यांनी टेबलावर मैद्याचा ढीग केला, त्यात आळं केलं, अंडी फोडून टाकली आणि काट्याने फेटत फेटत कडेचं पीठ आत ओढलं. मग दुसरा ढीग केला आणि माझ्याकडे बोट दाखवलं. मी अगदी जवळ उभी होते. मी दोन पावलं मागे सरकले, त्या नव्या नवरीला दंडाला धरून पुढे केलं आणि म्हटलं, "आधी हिला करू दे."

मराठीतच म्हटलं. बाईंना वाटलं, मी पिठाला घाबरले. टूरच्या मुलीला वाटलं, मी अंडं खात नाही म्हणून. नवरी बिचारी पुढे झाली, काटा जोरात फिरवला, आळं फुटलं आणि अंडी टेबलावरून थेट तिच्या नव्या जीन्सवर. सगळे हसले. मला हसू येईना.

तिथे माझी जाऊ नव्हती. मुहूर्त नव्हता, सूप नव्हतं, हळदकुंकू नव्हतं. मला ऊठ म्हणणारं एक माणूस त्या खोलीत नव्हतं. तरी मी आपली आपण उठले होते. इतकी वर्षं मला वाटायचं की लोक मला बाजूला करतात. आता मी त्यांचं काम घरपोच करायला लागले होते! माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. जाऊबाईंवर रागावायची मला सवय होती. स्वतःवरचा हा राग नवा होता आणि तो जास्त झोंबला.

मी टूरच्या मुलीला म्हटलं, "यांना सांग, मला अंडं चालत नाही, पण मला करायचंय." बाईंनी मान हलवली आणि आतून एक डबा आणला. त्यात जाडसर पिवळा रवा होता. त्यांच्या माहेरी, तिकडे दक्षिणेत, पास्त्यात अंडं घालतच नाहीत म्हणे. रवा आणि कोमट पाणी, बस्स. मी बाह्या वर सारल्या.

रवा मळायला मला कुणी शिकवायची गरज नव्हती. तळहाताच्या बुडाने रेटून मी तो मळला, झाकला, पुन्हा मळला. बाईंनी त्याची सुतळीएवढी वळी केली, तुकडे कापले आणि प्रत्येक तुकडा अंगठ्याखाली दाबून ओढला की त्याची छोटीशी शिंपली व्हायची. आम्ही नखाने दाबून नखुले करतो, त्यांची ही थोरली बहीण. पहिल्या काही शिंपल्या माझ्या बिघडल्या, कारण मी सवयीने फार बारीक करत होते. बाई माझ्या अंगठ्यावर त्यांचा अंगठा दाबून सांगत होत्या, जोर लाव, जोर लाव. भाषा कळत नव्हती तरी हे कळलं.

हात बसला तशी मला खुमखुमी आली. उरलेल्या गोळ्याचा मी धागा ओढला आणि चिमटीत गव्हले पाडायला लागले. टेबलावर दाणे पडायला लागले तशा बाई चष्मा लावून वाकल्या. त्यांनी स्वतः करून पाहिलं. त्यांचा गव्हला वाटाण्याएवढा झाला, तेव्हा त्यांनी तो माझ्याकडे भिरकावला. मग विचारलं, हे कशात घालतात?

"लग्नात करतात म्हणून सांग," मी टूरच्या मुलीला म्हटलं. "दुधातली खीर."

बाई काहीतरी उत्साहाने बोलल्या. मुलीने मला सांगितलं, "काकू, त्या विचारतायत, तुम्हाला मुलगी आहे का? तिच्या लग्नात तुम्हीच करणार ना?"

मी टेबलावरचे गव्हले एका बाजूला गोळा करायला लागले. ती पोरगी माझ्याकडे बघत राहिली. "काय सांगू, काकू?"

आता खरं कारण सांगायचं तर केवढं पुराण. सवाष्ण म्हणजे काय, मुहूर्त म्हणजे काय, जाऊबाईंचा मऊ आवाज कसा. आणि ते सगळं एका काळ्या कपड्यांतल्या, कोपरापर्यंत पिठात बुडालेल्या बाईला. मला त्याची लाज वाटली. माझी नाही, त्या कारणाची.

"सांग, हो," मी म्हटलं. "मीच करणार."

तिने सांगितलं. बाईंनी त्यात नवल वाटण्यासारखं काही नसल्यासारखी मान हलवली आणि पाणी उकळायला ठेवलं.

परत आल्यावर, गव्हल्यांच्या मुहूर्ताच्या दिवशी सकाळी जाऊबाई ठाण्याहून शेजारणींना घेऊन आमच्या डोंबिवलीच्या घरी आल्या. सुपाला हळदीची बोटं ओढून झाली होती. रवा मी पहाटेच मळून ठेवला होता आणि मधल्या पाटावर बसले होते.

"अगं, तो पाट मुहूर्ताचा आहे," जाऊबाई म्हणाल्या.

"माहीत आहे, वहिनी. म्हणून तर बसलेय."

त्यांनी खांद्यावर हात ठेवला. मी उठले नाही. मग त्यांचा आवाज पहिल्यांदा कडक झाला. "मी काही तुझ्या वाईटावर नाही. तुझं नशीब पोरीच्या वाट्याला येऊ नये, एवढंच माझं म्हणणं आहे. हात लावलास तर कन्यादानाला आम्ही बसायचो नाही. सांगून ठेवते."

शेजारणी पदर सारखे करायला लागल्या. माझी मुलगी ओले केस पुसत दारात येऊन उभी राहिली. मला बोलायचं होतं त्याहून माझा आवाज मोठा निघाला.

"वहिनी, जन्मल्यापासून ती माझ्या हातचं खातेय. गोवर आला तेव्हा याच हाताने पेज भरवली. शाळेचे डबे याच हाताने भरले. तेव्हा तुम्हाला कुणाला या हातांची भीती नाही वाटली. नसाल बसत तर नका बसू. मी बसेन कन्यादानाला. भटजी नको म्हणाले तर दुसरे आणू, तेही नको म्हणाले तर रजिस्टर लग्न लावू."

"आई, कर तू," मुलगी म्हणाली आणि माझ्या शेजारी येऊन बसली.

मी धागा ओढला. पहिला गव्हला जाडाभरडा, वाकडा झाला. इतका वाईट गव्हला मी लहानपणीसुद्धा केला नसेल. तो सुपात पडला. मग त्या शेजारणींपैकी एक सवाष्ण म्हणाली, "चला गं, रवा वाळेल," आणि तिने आपला पाट पुढे ओढला. जाऊबाई कॉटवर बसून राहिल्या. चहासुद्धा घेतला नाही.

कन्यादानाला ती दोघं खरंच बसली नाहीत. मी बसले. भटजींनी बराच वेळ घसा खाकरला, पण मंत्र म्हटले. मांडवात कुजबुज झाली ती मी ऐकली, आणि मुलीचा हात जावयाच्या हातात देताना मला रडू आलं तेही त्यांना दिसलं असेल. त्यानंतर बरीच वर्षं टेंभी नाक्यावरून मला निरोप येत नव्हता. त्याचं वाईट वाटलं. नाही म्हणणार नाही.

मुलीचा संसार चांगला चाललाय. नातवाच्या मुंजीत जाऊबाई स्वतःहून माझ्याजवळ येऊन बसल्या आणि म्हणाल्या, "बघ, काही वाईट झालं नाही. मी उगाच घाबरले होते." त्यांना वाटलं, हे ऐकून मला बरं वाटेल. मी त्यांचा हात हातात घेतला, पण त्यांना तिथेच थांबवलं.

"वहिनी, उद्या काही वाईट झालं ना, तरी ते माझ्या हातांमुळे नसेल," मी म्हटलं. "तिचे वडीलही माझ्यामुळे गेले नव्हते."