एक सपाट चमचा

त्या घरात भाज्यांच्या दाट रश्श्याला कोणी रस्सा म्हणत नसे, पातेलं म्हणत. "आज पातेलं आहे का?" असं विचारतच घरातले पुरुष आत येत, आणि हो म्हटलं की मुकाट्याने हात धुवायला जात. गाजर, बटाटा, सलगम, कोबी, वाटाणे, भिजवलेला राजमा, मूठभर लसूण. एवढं सगळं पोटात घेऊन ते जाड बुडाचं भांडं दिवसभर ओट्यावर बसलेलं असे आणि दोन्ही वेळा पाच माणसांना पुरे.

पातेलं दोघी जावा मिळून करत. मिळून हा शब्द इथे जरा जपूनच वापरायला हवा, कारण दोघींत आडवा विस्तव जात नव्हता. थोरली सकाळी कांदा तांबूस परते, कंदमुळांच्या मोठ्या फोडी आणि राजमा घालून ते अर्धं शिजवे, गॅस बंद करून झाकण ठेवी आणि लाँड्रीत कामाला जाई. धाकटीची बिस्किटांच्या कारखान्यातली पाळी पहाटेची. ती दुपारी परतली की पातेलं पुन्हा पेटवी, कोबी, टोमॅटो, वाटाणे घाली आणि दोनचार बटाटे कडेला दाबून रस दाट करी. चव अशी जमून येई की खाणाऱ्याला वाटावं, या बायका सख्ख्या बहिणी असणार. पण एक आत असली की दुसरी स्वयंपाकघरात पाऊल टाकत नसे.

भांडण जुनं होतं आणि खरं सांगायचं तर क्षुल्लक होतं. धाकटी नवी सून असताना तिचे आईवडील पहिल्यांदा जेवायला आले होते. त्या दिवशीचं पातेलं तिने एकटीने केलेलं. थोरलीने वाढता वाढता पळीतला थेंब तळहातावर घेऊन चाखला, "अळणी आहे," म्हणाली आणि सगळ्यांच्या देखत चिमूटभर नाही, चांगलं मूठभर मीठ टाकलं. धाकटीही काही कमी नव्हती. "मीठ बरोबर होतं. जिभेलाच चव नसेल तर मी काय करू?" म्हणाली. झालं. दोघींनी बोलणं टाकलं ते टाकलंच. नवरे समजावून थकले, मग त्यांना त्या शांततेची सवय झाली, आणि पुढे तर ती आवडू लागली.

निरोपांचं काम सासूबाईंकडे आलं. त्या स्वयंपाकघराला लागून असलेल्या खोलीत बसत. धाकटी तिथे जाऊन म्हणे, "सासूबाई, त्यांना सांगा वाटाणे संपलेत." तेव्हा थोरली त्याच खोलीत कपड्यांच्या घड्या करत असे. सासूबाई मान वळवून म्हणत, "अगं, वाटाणे संपलेत." "ऐकलं मी. तिला सांगा, येताना आणते." "आणते म्हणतेय गं." अशी ती म्हातारी वर्षानुवर्षं दोन पावलांच्या अंतरावर टपाल पोचवत राहिली. मीठ घातलं की नाही, हेही तीच विचारून तीच सांगे.

आणि मग तिचं हृदय थकलं. अंगात पाणी साठू लागलं, पाय सुजले, चार शब्द बोललं की दम लागू लागला. डॉक्टरांनी दोन्ही मुलांना बाहेर बोलावून सांगितलं, "मीठ म्हणजे यांना विष समजा. दिवसाच्या सगळ्या रश्श्याला एक छोटा चमचा, तोही सपाट. आणि त्यांना बोलायला लावू नका." म्हातारीसाठी वेगळं शिजवावं तर ती हट्टी. "माझं वेगळं मांडलंत तर मी जेवणारच नाही." मग सगळं घरच बेचव खाऊ लागलं. ज्याला चालत नसे तो ताटात वरून मीठ घेई. दोन्ही मुलांनी डॉक्टरांचं म्हणणं आपापल्या बायकोला शब्दाला शब्द सांगितलं आणि आपलं कर्तव्य संपलं असं मानलं.

सूज उतरायची ती चढतच गेली. थोरली रोज संध्याकाळी सासूच्या घोट्यावर अंगठा दाबून बघे. खळगा पडे आणि तसाच राही. चपला पायात जाईनाशा झाल्या. म्हातारी उशांना टेकून बसल्या बसल्या झोपू लागली आणि तिच्या श्वासाची शिट्टी भिंतीपलीकडे ऐकू येऊ लागली. डॉक्टर पुन्हा आले, त्यांनी पाय पाहिले आणि आवाज चढवला. "या घरात मीठ जातंय कुठून? आठवड्याने येतो. तोवर सूज हलली नाही तर वॉर्डात न्यावं लागेल. आणि तिथून परत आणाल, असं मी म्हणणार नाही."

थोरली हे ऐकून आतून हादरली. तिला आई आठवतही नव्हती. या घरात आली तेव्हा कांदा कुठवर परतायचा हे तिला याच म्हातारीने पाठीवर हात ठेवून शिकवलं होतं. तिचं प्रेम होतं सासूवर, अगदी जीव जडलेला होता. म्हणूनच तिचं डोकं एकाच दिशेने चालू लागलं. आपण एकच चमचा घालतो. सुरीच्या पाठीने सपाट करून घालतो. मग उरलं कोण?

तिने मिठाची बरणी पिठाच्या डब्यामागे लपवली. दुसऱ्या दिवशी बरणी पुन्हा जागच्या जागी. तिने ती वरच्या फळीवर ठेवली, ती पुन्हा खाली. थोरलीचं रक्त उसळलं. तिने नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "बायकांच्या भांडणात मी पडत नाही." जणू भांडण होतं. इथे आईचा जीव चालला होता आणि हा तटस्थ.

लाँड्रीत हॉटेलांच्या चादरी येत. इस्त्रीच्या गरम रुळातून चादर बाहेर पडली की दोघींनी दोन टोकं धरायची, ताणायची आणि चालत एकमेकींकडे यायचं. टोकाला टोक मिळालं की घडी. थोरलीची जोडीदारीण दिवसभर बोलत असे आणि थोरलीही तिच्याशी घरी न बोललेल्याचा सगळा कोटा भरून काढी. पण त्या आठवड्यात तिच्या घड्या वाकड्या पडत होत्या.

"ती वरून मीठ टाकतेय," थोरली म्हणाली. "मला खात्री आहे. मी केलेलं तिला कधी पटलंच नाही."

"मग विचार की तिला."

"कशी विचारू?"

"तोंडाने," जोडीदारीण म्हणाली आणि चादरीचं टोक तिच्या हातात दिलं. "तुझ्या सासूचा श्वास अडकलाय आणि तू मान सांभाळत बसलीयेस."

थोरलीला ते झोंबलं. पण बोलण्यापेक्षा रंगेहाथ पकडणं तिला सोपं वाटलं. उद्या डॉक्टर यायचे होते. तिने डोकं दुखतंय असं सांगून सुट्टी घेतली आणि मागच्या बोळाने घरी आली. चपला हातात घेतल्या. वाळत घातलेल्या कपड्यांच्या आडून स्वयंपाकघराचं दार अर्धं दिसत होतं. स्वतःच्याच घरात ती चोरासारखी उभी होती.

धाकटी पातेल्यापाशी होती. कारखान्याची टोपी अजून डोक्यावर. तिने कोबी ढवळला, झाकण बाजूला ठेवलं आणि बरणी उघडली. आता मूठ भरेल, असं थोरलीला वाटलं. धाकटीने छोटा चमचा घेतला, भरला आणि सुरीच्या पाठीने सपाट केला. मग तो पातेल्यावर धरून थांबली, काही विचार केला, आणि त्यातलं थोडं मीठ परत बरणीत टाकलं. उरलेलं रश्श्यात सोडलं. औषध मोजावं तसं.

तोच चमचा, तीच सुरी, तसंच हात वळवणं. सासूनेच दोघींना शिकवलं होतं ना. सकाळी तिने स्वतः एक चमचा घातला होता. आणि रोज दुपारी असाच दुसरा पडत होता. बेचव खायची सवय लागलेल्या घरात एकाचे दोन झालेले कोणाच्या जिभेला कळणार होते? दोन घरचा पाहुणा उपाशी राहतो म्हणतात. इथे दोघींच्या काळजीने म्हातारी मरायला टेकली होती. ती चोर पकडायला आली होती, आणि आता चोर दोन निघाले.

धाकटीने वाडगा भरला आणि सासूच्या खोलीकडे वळली.

बोलायला हवं होतं. आत्ता. थोरलीने तोंड उघडलं आणि इतक्या वर्षांची सवय बाहेर पडली. "सासूबाई, तिला सांगा..."

आतून नुसती श्वासाची शिट्टी आली. निरोप न्यायला कोणी नव्हतं. धाकटी दचकून थबकली, पण वळली नाही, उंबऱ्याकडे एक पाऊल आणखी गेली.

"अगं, थांब. तो वाडगा देऊ नकोस."

धाकटीने मागे पाहिलं, मग थोरलीच्याही मागे पाहिलं, तिथे कोणी आहे का ते बघायला. "कोणाला म्हणताय?"

"तुला." थोरली आत आली. "मीठ मी सकाळी घालते."

धाकटीच्या हातातला वाडगा हलला, रस अंगठ्यावर सांडला. तो गरम होता, पण तिने हात काढला नाही. "रोज?"

"रोज. एक चमचा, सपाट."

"मीपण घालते," धाकटी म्हणाली. "मला सांगितलं होतं, एक चमचा. मला वाटायचं तुम्ही घालत नसाल, दुपारी शेवटचा हात माझाच. मग सूज वाढायला लागली तसं वाटलं, तुम्हीच चोरून जास्तीचं टाकता. बरणी लपवत होतात ना. म्हणून मी माझ्यातलं थोडं काढून ठेवायचे."

"मला वाटलं तू टाकतेस."

गेल्या किती दिवसांचे किती वाडगे त्या खोलीत गेले, ते दोघींच्याही डोळ्यांपुढे आलं. धाकटी म्हणाली, "म्हणजे आपण दोघींनीच त्यांना..."

"हो," थोरली म्हणाली. तिला हुंदका आला, तो तिने लपवला नाही. पुढे होऊन तिने धाकटीच्या हातातून वाडगा काढून घेतला आणि तिचा भाजलेला अंगठा नळाखाली धरला.

आतून म्हातारीचा आवाज आला, एकेक शब्द तोडत. "कोण आलंय गं?"

"कोणी नाही, सासूबाई," धाकटी म्हणाली. "आम्हीच बोलतोय."

म्हातारी म्हणाली, "बोला. मला जेवायला उशीर झाला तरी चालेल."

ते पातेलं बाजूला गेलं. पुरुषांनी ते नंतर खाल्लं आणि नेहमीसारखंच लागतंय म्हणाले, कारण त्यांना काहीच माहीत नव्हतं. दोघींनी दुसरं चढवलं. एक सोलत होती, दुसरी चिरत होती, आणि काय बोलावं ते सुचत नव्हतं, म्हणून दोघी फोडी किती मोठ्या हव्यात यावरच बोलत राहिल्या. मिठाची बरणी ओट्यावर मधोमध होती. त्या दिवशी तिला कोणीच हात लावला नाही. त्या रात्री थोरली भिंतीपलीकडची शिट्टी ऐकत जागी राहिली. एका दिवसाने सूज हलणार नाही, हे तिला माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर आले तेव्हा दोघी दारात शेजारी शेजारी उभ्या होत्या. त्यांनी घोटा दाबला. खळगा पडला आणि तसाच राहिला. त्यांनी मान हलवली. तेव्हा थोरलीने सगळं सांगितलं, एकही शब्द न गाळता, आणि धाकटीने मध्येच "मीपण" म्हणून आपला वाटा उचलला. डॉक्टर चिडले, खूप चिडले. मग त्यांनी आणखी चार दिवस दिले.

चार दिवसांनी त्यांनी पुन्हा अंगठा दाबला. खळगा पडला आणि सावकाश, अगदी सावकाश, वर आला. म्हातारीने पलंगाखालची चप्पल पायाने ओढून घेतली. ती अर्धीच आत गेली, पण गेली.

"आता मीठ कोण घालतं?" डॉक्टरांनी दरडावून विचारलं.

दोघी एकमेकींकडे बघू लागल्या. उत्तर म्हातारीनेच दिलं, दम खात, दोघींमधला शेवटचा निरोप पोचवावा तसं.

"विचारून घालतात."