सालदार नसल्याची सिद्धता

आमच्या घराण्यातला पहिला एम.एस्सी. मी. माझ्यानंतर त्या वाटेला कोणी गेलं नाही, यात माझा हातभार मोठा आहे. मी विषय घेतला होता गणिती तर्कशास्त्र. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला नागपूरहून केळझरला घरी आलो की बाबा पाहुण्यांना कौतुकानं सांगत, "हा लॉजिक करून राह्यला." पाहुणे मान डोलवत आणि यात नोकरी कुठं लागते म्हणून विचारत. मग बाबा माझ्याकडे पाहत आणि मी चहाच्या कपाकडे.

नोकरी पुढे लागली, वर्ध्याच्या एका कॉलेजात. तिथं वर्षभर साधं कलनशास्त्र शिकवायचं आणि वर्षाच्या शेवटी तर्कशास्त्राचे सात-आठ तास घ्यायचे. बोरगाव मेघेला भाड्याचं घर घेतलं आणि उरलेल्या वेळात संशोधन सुरू केलं. कशावर, तर सिद्धता किती लांब होऊ शकते यावर. माझं लिखाण समजून वाचणारी जगातली सगळी माणसं एका टेम्पोत मावली असती, आणि ड्रायव्हरशेजारची जागा रिकामी राहिली असती.

या विषयाची हकीकत मी घरी एकदा सांगून पाहिली होती. शंभरेक वर्षांपूर्वी काही थोर लोकांना वाटलं, गणिताचा पाया एकदा पक्का करून घ्यावा. खणायला गेले तर खाली भेग निघाली. ती भेग मी वर्गात न्हाव्याच्या गोष्टीतून सांगत असे. गावातला न्हावी, जे स्वतःची दाढी करत नाहीत त्या सगळ्यांची करतो आणि जे करतात त्यांची करत नाही. तर त्याची स्वतःची दाढी कोण करतो? केली तर करायची नाही, नाही केली तर करायलाच हवी. ही भेग बुजवायला जो तो आपापला गारा घेऊन आला आणि त्यातून शाखा फुटल्या. कोणी कुठला संच मानायचा नि कुठला नाही याचे कायदे केले. कोणी सिद्धतांनाच मोजायला लागला. तेच कायदे आणखी कुठल्या जगांत लागू पडतात, ते शोधत कोणी हिंडू लागला. कोणी तर यंत्राला काय करता येणार नाही याची यादी करत बसला. मूळ एक, पण आता एका शाखेचा माणूस दुसऱ्याच्या बांधावर पाय ठेवत नाही. नागपूरच्या एका चर्चासत्रात आम्ही चार शाखांचे चौघे एका टेबलाशी जेवायला बसलो होतो. वरणात मीठ कमी आहे, यापलीकडे आमचं एकमत होईल असं काही निघालं नाही.

हे सगळं ऐकून काका म्हणाले होते, "म्हणजे आपल्यावानीच."

कारण तोवर बाबांची आणि काकांची वाटणी झाली होती. शेतं वेगळी झाली, पण विहीर एक, मोटर एक आणि सालदारही एकच राहिला. सालदार म्हणजे वर्षाच्या बोलीवर राहणारा शेतगडी. पाडव्याला बोली ठरते आणि पुढल्या पाडव्याला माणूस मोकळा. आमचा सालदार बाबांपेक्षाही वयानं मोठा आणि वीस-बावीस पाडवे आमच्याकडेच राहिलेला. त्याच्याशी कधी कागद झाला नाही. विहिरीजवळच्या कोपऱ्यात त्याचा स्वतःचा वांग्याचा वाफा होता. त्यातली वांगी तो कोणाला देईल नि कोणाला नाही हे त्याचं तो ठरवी. बाबांनाही मागून घ्यावी लागत.

भांडण ओलितावरून झालं. काकांना आपल्या हातानं पाणी सोडायची हौस, पण मदतीला सालदार हवाच. तो तिकडे अडकला की बाबांचा गहू कोरडा. बाबांना गुडघ्यांमुळे वाफ्यात उतरता येत नव्हतं. दोघं एकमेकांशी बोलेनासे झाले आणि सगळे निरोप सालदारामार्फत जाऊ लागले. शेवटी बाबांनी मला बोलावून सांगितलं की एवढं लॉजिक केलंस तर विहिरीचा नियम लिहून दे, दोघंही मानू.

मी चार दिवस घेतले. प्राध्यापक माणूस एका दिवसात लिहीत नाही. नियम असा झाला: या विहिरीवर ज्यांचं ओलीत आहे, त्यांपैकी जो आपलं पाणी स्वतः सोडतो त्याचं पाणी सालदारानं सोडायचं नाही, जो स्वतः सोडत नाही त्याचं सालदारानंच सोडायचं. एकही शब्द जास्तीचा नाही. कार्बन लावून प्रती काढल्या आणि एक प्लास्टिकच्या पिशवीत घालून मोटरच्या खोलीत खिळ्याला टांगली. परतताना स्कूटरवर मी चक्क गुणगुणत होतो.

पंधरा दिवसांनी एसटीडी बूथवरून फोन आला. आधी बाबा बोलले, मग रिसीव्हर काकांनी घेतला. दोघं भाऊ वर्षभरानं एका खोक्यात उभे होते, हे माझ्या लक्षात यायला वेळ लागला. लवकर ये, सालदार पाडव्याला सोडतो म्हणतो, एवढंच कळलं.

गेलो तर वांगी माना टाकून होती. झालं होतं ते असं. सालदार सवयीनं आपल्या वाफ्याला पाणी सोडायला गेला, तर काकांनी कागदावर बोट ठेवलं. तू तुझं स्वतः सोडतोस, आणि स्वतः सोडणाऱ्याचं सालदारानं सोडायचं नाही. त्यानं फावडं ठेवलं. दुसऱ्या दिवशी बाबा आले आणि कागद वाचून म्हणाले, तू स्वतः सोडत नाहीस, मग सालदारानंच सोडलं पाहिजे, उचल फावडं. त्यानं उचललं. उचलताच काका पुन्हा आले. असं आठ दिवस चाललं. बाबांना वाटे काका मुद्दाम करतात, काकांना वाटे बाबा. सालदार दोघांचंही ऐकत राहिला आणि मग त्यानं ऐकणंच सोडलं.

आता खरं सांगायला हवं. ते ऐकून मला आधी आनंद झाला. वर्गात दरवर्षी सांगतो ती गोष्ट मी स्वतःच्या शेतात, न ओळखता, स्वतःच्या हातानं लिहिली होती. वाळक्या वांग्यांसमोर उभा राहून मी त्या तिघांना सांगू लागलो की यानंच गणिताचा पाया हलला होता. बाबांनी विचारलं, मग त्या लोकांनी काय केलं? मी शाखाशाखांनी उपाय सांगितले. यंत्रवाल्यांना विचारलं तर तेही हात वर करतील. दुसरे म्हणतील की सालदाराला एक पायरी वर चढवा, त्याला नियम लागू नाही. पण सगळ्यांत स्वच्छ उत्तर असं की या नियमाप्रमाणे वागणारा सालदार असूच शकत नाही. नियमातूनच सिद्ध होतं.

सालदारानं मला शांतपणे विचारलं, "मंग मी आहो का नाई, भाऊ?"

मी म्हणालो, म्हणजे तसं नाही, नियमाप्रमाणे.

"बावीस वर्सं हाय इथं. कागद आला अन् मी नाई झालो. पाडव्याले दुसरा पाहून घेजा, जो कागदात बसन."

हिंगणीच्या एका मळेवाल्यानं त्याला विचारून ठेवलं होतं. तिथं कॅनॉलचं पाणी होतं आणि मोटरीची कटकट नव्हती. तो उठून गेला. बाबा आणि काका, ज्यांनी आठ दिवस आळीपाळीनं सालदाराला कागद वाचून दाखवला होता, ते आता एका सुरात माझ्याकडे वळले. काका म्हणाले, "तुले कोणी शिकवलं रे हे? त्याले आधी विहिरीत ढकल." बाबांनी त्यांना विरोध केला नाही.

मी दुरुस्तीचा मसुदा काढू का म्हटलं. बाबांनी पिशवीसकट कागद काढला आणि चुलीला दिला. तोवर काकांनी मोटर लावली होती, आणि वांग्यांना त्या दिवशी काकांनी पाणी सोडलं, बाबांनी गुडघे धरत धरत वाफा फोडला.

पाडव्याच्या सकाळी आम्ही तिघं ओसरीत बसलो होतो. श्रीखंड आत तसंच होतं. सालदार येईल की हिंगणीच्या वाटेला लागेल हे कोणालाच माहीत नव्हतं, आणि विचारायची हिंमतही कोणाला नव्हती. बाबा उगाच गुढीची काठी सारखी करत होते.

तो आला तेव्हा ऊन चांगलं वर आलं होतं. नवं धोतर नेसला होता. बसला नाही. बोलीचे आकडे बाबांनी काढले, त्यानं हातानंच ते बाजूला केले.

"एक गोष्ट. वांग्याले पाणी मी सोडीन. काऊन सोडतो हे कोणी इचारायचं नाई."

बाबांनी हो म्हणण्याआधी माझ्याकडे पाहिलं, मी त्यात काही खुसपट काढतो का म्हणून. काकांनीही पाहिलं. मी मान खाली घातली आणि पानसुपारीचं ताट त्याच्यापुढं सरकवलं.